दोनशे मीटर

गाडी पुन्हा उजवीकडे वळली तेव्हा विलास मगदूम यांनी हातातली पाण्याची बाटली सीटवर आपटली. सकाळपासूनची ही चौथी खेप. पत्ता डावीकडे, डोंगराच्या अंगाला होता. समोरच्या पडद्यावर तो लाल ठिपका त्यांना ढळढळीत दिसत होता. आणि बिनचालकाची ती पांढरी गाडी मात्र सज्जनासारखी दिवा लुकलुकवत उलट्या दिशेला निघाली होती.

"आता काय झालं हिला?" त्यांनी विचारलं.

शेजारी बसलेल्या गाईड लुओबाई काहीतरी तावातावानं बोलल्या, दोन्ही हात हवेत फिरवून. कानातल्या यंत्रातून मगदूमांना त्याचं मराठी ऐकू आलं, "पुढे रस्त्याचे काम सुरू असल्याचे गाडी सांगत आहे. तोवर आपण नदीसंगम पाहू शकतो." बाईंचा स्वर कसाही असो, कानात उतरायचं ते जुन्या आकाशवाणीच्या बातम्यांसारखं थंड मराठी. त्यामुळे बाई चिडल्यात की समजूत घालतायत हे कळायला मार्ग नव्हता.

मगदूमांनी मिरज डेपोत चौतीस वर्षं वाहतूक नियंत्रक म्हणून काढली होती. कुठली गाडी कुठून वळवायची हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. एकाच पत्त्यावर चार वेगवेगळ्या बाजूंनी गेलात आणि चारही बाजूंना काहीतरी आडवं आलं, असं त्यांच्या उभ्या नोकरीत घडलं नव्हतं. पहिल्यांदा गर्दी म्हणून वळली, दुसऱ्यांदा पूल बंद म्हणून, तिसऱ्यांदा तर काही कारणच न देता एका चहाच्या दुकानासमोर जाऊन उभी राहिली आणि पाहुण्यांना चहा मोफत आहे असं सांगू लागली. मगदूमांना चहा नको होता.

सांगलीच्या एका यात्रा कंपनीबरोबर बावीस जणांचा जथा चीन बघायला आला होता. आज शेवटचा दिवस, आणि तो चोंगचिंगमध्ये मोकळा ठेवलेला. बाकीचे एकवीस जण बॅगा घेऊन बाजारात गेले. मगदूमांनी मात्र दिवसभरासाठी स्वतंत्र गाडी आणि गाईड ठरवली होती. फॉर्मवर तीन ठिकाणं मागितली होती. पहिली दोन त्यांनी डोळे मिटून निवडली. तिसऱ्या रकान्यात एका चहाच्या रिकाम्या खोक्यावरच्या चिनी अक्षरांचा फोटो चिकटवला.

ते खोकं त्यांना बायकोच्या कपाटात सापडलं होतं, साड्यांच्या खाली. तशी चार खोकी होती. सुलभाला जाऊन पाच वर्षं झाली, कपाट उघडायला त्यांना इतका वेळ लागला. पाठवणाऱ्याचा पत्ता चोंगचिंगचा, नाव केतकीचं. म्हणजे मायलेकींचं चालूच होतं आणि आपल्याला पत्ता लागू दिला नाही, हे कळल्यावर मगदूम दोन दिवस रागात होते. तिसऱ्या दिवशी त्यांनी यात्रा कंपनीत फोन केला.

केतकी त्यांची एकुलती एक मुलगी. डॉक्टर व्हायला इकडे आली, झाली, आणि नऊ वर्षांपूर्वी लिआंग नावाच्या आपल्याच वर्गातल्या मुलाशी लग्न करते म्हणून फोनवर सांगून मोकळी झाली. त्यानंतर बापलेकींचं बोलणं नाही. मध्यंतरी मगदूमांचा राग निवला, तसा त्यांनी दोनदा फोन लावून पाहिला. लागलाच नाही. पोरीनं आपला नंबर बंद करून टाकलाय, एवढं त्यांना समजलं. पण खरी गाठ बसली होती ती वेगळीच. आईच्या दहाव्यालाही ती आली नाही. घाटावर कावळा शिवेना, सगळे पाहुणे रस्त्याकडे बघत होते, आणि ही आली नाही. मगदूमांनी तिथंच चारचौघांत सांगून टाकलं होतं की पोरीला आईचीसुद्धा आठवण उरलेली नाही.

आता उद्या सकाळी सहाचं विमान होतं. त्याआधी तिच्या दारात उभं राहून एकच विचारायचं होतं, का नाही आलीस? त्यांचं वय एकोणसत्तर. पुन्हा कोण इतक्या लांब येतंय?

सकाळचे तीन तास वाया गेले ते वेगळेच. लुओबाई चाळिशीच्या, टापटीप, बोलघेवड्या. त्यांनी मगदूमांना एका उंच इमारतीच्या पोटातून आरपार जाणारी आगगाडी दाखवली. सगळे प्रवासी मोबाइल उंचावून उभे होते. मगदूमांनी दोन गाड्यांमधला वेळ घड्याळात मोजला आणि वक्तशीर आहे एवढं म्हणून पाठ फिरवली. जेवायला मिरच्या तरंगणारा रस्सा. त्यात भाज्या बुडवून खायच्या. तिथल्या मिऱ्यांनी जीभ अशी बधिर झाली की पुढचा तासभर त्यांना स्वतःचे शब्द जडजड लागत होते. बाई उत्साहानं प्रत्येक गोष्टीचं वर्ष आणि उंची सांगत होत्या आणि मगदूम दर पाच मिनिटांनी विचारत होते, तिसरं ठिकाण कधी?

नदीसंगमाकडे जाणारी गाडी त्यांनी अर्ध्या वाटेत थांबवायला लावली. उतरले आणि चालत निघाले. बाई मागून धावत आल्या.

हे शहर सपाट मुलखातल्या माणसासाठी नव्हे. रस्त्यावर रस्ता, त्यावर इमारत, आणि त्या इमारतीच्या गच्चीवर पुन्हा रस्ता. मगदूम शिरले त्या दाराला बाई तळमजला म्हणाल्या. आतल्या लिफ्टनं बाविसाव्या मजल्यावर गेलं की तिथं वरचा रस्ता लागतो, केतकीची सोसायटी त्याच रस्त्यावर. लिफ्ट आली, दार उघडलं नाही, निघून गेली. दुसरी आली, तीही गेली. तिसरीवर दुरुस्तीची पाटी लागली, त्यांच्या डोळ्यांदेखत.

बाजूनं दगडी पायऱ्या होत्या. मगदूमांनी गुडघ्यांचे पट्टे आवळले आणि चढायला सुरुवात केली. वेळूच्या दांडीला दोन्हीकडे सामान बांधलेला एक म्हातारा हमाल त्यांना मागं टाकून वर गेला. लुओबाई दर पन्नास पायऱ्यांना थांबा म्हणायच्या. तीनशे पायऱ्यांनंतर त्यांनी म्हणणं सोडलं आणि मगदूमांचा दंड धरला.

वरच्या सोसायटीतली लिफ्ट मात्र मुकाट्यानं चालली. दार सापडलं. अकरावा मजला, उजवीकडचं तिसरं. दाराच्या दोन्ही बाजूंना लाल कागदाच्या पट्ट्या, खाली चपलांचे तीन जोड. त्यातला एक जोड वीतभर होता. मगदूम त्याच्याकडे बघत राहिले. हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं.

त्यांनी घंटा दाबली. पुन्हा दाबली. शेजारचं दार उघडून एका म्हातारीनं डोकं बाहेर काढलं आणि ती लुओबाईंशी बोलली. डॉक्टरीणबाई घरातच होत्या, दहा मिनिटांपूर्वी दवाखान्यातून तातडीचं बोलावणं आलं, म्हणून मुलीला घेऊन मागच्या दारानं गेल्या. सुट्टीचा दिवस, तरी बोलावलं, म्हातारी हळहळली.

दवाखाना खाली, नदीच्या बाजूला. आता गाडी चटकन आली, सरळ गेली, कुठं वळली नाही. तिथं काउंटरवर कळलं की डॉक्टरांना चुकून बोलावणं गेलं होतं. त्या येऊन पाच मिनिटांत परत फिरल्या. कुठल्या रस्त्यानं? वरच्या.

मगदूम दवाखान्याबाहेरच्या बाकावर बसले. त्यांनी गुडघ्यांचे पट्टे सैल केले. दुपारचे साडेचार वाजले होते आणि धुक्यामुळे पलीकडचा काठ दिसेनासा झाला होता.

"चला हॉटेलवर," ते म्हणाले. "तिला कळलंय मी आलोय ते. पळतीय माझ्यापासून."

लुओबाईंनी आधी मागंपुढं पाहिलं. मग त्या बाकावर बसल्या आणि आवाज उतरवून बोलू लागल्या. रस्त्याचं काम वगैरे काही नव्हतं, त्या म्हणाल्या. गाईडच्या पडद्यावर खरं कारण दिसतं, पण ते पाहुण्यांना सांगायची परवानगी नाही. ते खरं कारण म्हणजे 'अलग'.

अलग म्हणजे काय हे मगदूमांना सांगायला नको होतं. सांगलीत कुणालाही नको होतं. दहाएक वर्षांपूर्वी ही सोय निघाली ती चांगल्याच हेतूनं. एखाद्या बाईच्या मागं कुणी लागला असेल तर तिनं फोनवर त्याचं नाव नोंदवायचं, अंगठा टेकवायचा, की झालं. तेव्हापासून तो माणूस तिच्या दोनशे मीटरच्या आत येत नाही. त्यासाठी पोलीस लागत नाही की भिंत लागत नाही. प्रत्येकाच्या खिशात फोन असतो, रस्त्यावरच्या गाड्या, सिग्नल, लिफ्ट, दारं सगळी एकमेकांशी बोलतात. कोण कुठं आहे आणि पुढच्या वीस मिनिटांत कुठं असेल याचा अंदाज यंत्र सतत बांधतं. दोघांच्या वाटा जुळायला लागल्या की ते एकाला जरासं अडवतं, दुसऱ्याला जरासं सरकवतं. एक सिग्नल लांबवतं, एक फोन लावतं, कुठं फुकटचा चहा देतं. माणसाला वाटतं आपला दिवसच खराब आहे. फोनही आपोआप जुळत नाहीत. आणि सगळं चुकवून कुणी पायी पुढं गेलाच, तर त्याच्या फोनवर सूचना येते की आता पोलिसांना कळवलं जाईल. घाटात अरुंद वळणावर दोन गाड्या समोरासमोर येऊ नयेत म्हणून एकीला खाली रोखून धरायचं असतं, तेच काम मगदूमांनी आयुष्यभर केलं होतं. हे यंत्र ते माणसांवर करत होतं.

पुढं साठेक देशांनी ते स्वीकारलं आणि ज्यांच्यासाठी निघालं त्यांच्यापेक्षा इतरांनीच जास्त वापरलं. बांधावरून भांडणारे भाऊ, घटस्फोट झालेली जोडपी, निवडणुकीत पडलेले उमेदवार. सांगलीच्या बाजारात हळदीच्या सौद्याला दोन भाऊबंद गेली सहा वर्षं एकमेकांसमोर आले नव्हते आणि गावात त्याचं कौतुक होतं.

मगदूमांना राग आवरेना. म्हणजे पोरीनं नुसता नंबर नव्हता तोडला, बापाचं नाव गुंडासारखं नोंदवलं होतं. ते बोलत सुटले. शेजारी बसलेल्या परक्या बाईला त्यांनी सगळं सांगितलं, लग्नाचा फोन, सुलभाचं आजारपण, दहाव्याचा दिवस, चहाची खोकी. मधेच जीभ अडखळली, डोळे भरून आले, त्याचाही त्यांना राग आला. लुओबाई ऐकत होत्या, आणि त्यांच्या कपाळावरची आठी वाढत होती.

"मला एक समजत नाही," कानातलं मराठी म्हणालं. "इतकी इच्छा होती, तर आपण स्वतःच ही नोंद का केलीत?"

मगदूमांना वाटलं यंत्रानं भाषांतरात घोळ घातला. त्यांनी पुन्हा विचारायला लावलं. बाईंनी स्वतःचा पडदाच त्यांच्यासमोर धरला. त्यावर निळी पट्टी होती. समोरच्या माणसानं नोंद केली असेल तर पिवळी येते, त्या म्हणाल्या, पाहुण्याची स्वतःची असेल तर निळी. सकाळपासून निळीच आहे. स्वतःच बंदी घालायची आणि स्वतःच तो पत्ता फॉर्मात लिहायचा, असा पाहुणा त्यांना आजवर भेटला नव्हता. हा म्हातारा आपली परीक्षा घेतोय असं त्यांना वाटत होतं. म्हणून त्या मनातून वैतागल्या होत्या.

मगदूमांनी फोन काढला. स्वतःची नोंद बघायचा हक्क प्रत्येकाला असतो, हे बाईंनी सांगितलं आणि कुठं दाबायचं ते दाखवलं. पान उघडलं.

नोंद करणारे: विलास बाबूराव मगदूम. दूर ठेवलेली व्यक्ती: केतकी विलास मगदूम. स्थिती: चालू.

तारीख नऊ वर्षांपूर्वीची. मगदूमांना ती सकाळ आठवली, पाण्यासकट. रात्री केतकीचा फोन झाला होता. सकाळी उठून त्यांनी मागच्या अंगणात थंडगार पाण्याच्या चार घागरी डोक्यावर ओतून घेतल्या आणि सुलभाला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं की मुलीच्या नावानं आंघोळ केली, आता ती आपल्याला मेली. त्यांच्या वडिलांनीही एकदा धाकट्या भावाच्या नावानं अशीच आंघोळ केली होती आणि चार महिन्यांनी त्याच भावाच्या घरी गणपतीला मोदक खाल्ले होते. सगळेच तसं करायचे. आंघोळीची कुठं नोंद नसायची, अंग वाळलं की बोलणंही वाळायचं.

पण त्या सकाळी डेपोतला शिवगोंडा पाटील आला होता. बांधाच्या भांडणात त्यानं नुकतंच सख्ख्या भावाला अलग लावलेलं. ओल्या पंच्यानिशी उभ्या मगदूमांना तो म्हणाला, साहेब, आंघोळ केलीच आहे तर फोनमध्येपण टाकून देऊ, परत कटकट नको. अलग तेव्हा नवीनच होतं; मगदूमांना वाटलं, नंबर बंद करायचं असेल. त्यांनी ओला अंगठा पंच्याला पुसून टेकवला. त्यानंतर दरवर्षी फोनवर एक लांबलचक सूचना यायची, चालू ठेवायचं का म्हणून, आणि ते बँकेचं काहीतरी असेल समजून हो दाबायचे.

"खाली अजून आहे," लुओबाई म्हणाल्या.

खाली सेवेचा पुरावा होता. यंत्रानं टाळलेल्या भेटींची यादी, नोंद करणाऱ्याचं समाधान व्हावं म्हणून. आजच्या सात होत्या. त्याआधीच्या फक्त तीन.

सात वर्षांपूर्वीची दिवाळी, मिरज बसस्थानक. समोरची व्यक्ती थांबली, चाळीस मिनिटं.

मग पाच वर्षांपूर्वीची एक तारीख. कृष्णाघाट, सांगली. समोरची व्यक्ती थांबली, तीन तास दहा मिनिटं.

तिसरी त्यानंतर साधारण वर्षानं, त्याच घाटावरची. वर्षश्राद्धाची.

मगदूमांनी दुसरी ओळ पुन्हा वाचली. ती आली होती. दोनशे मीटरवर उभी होती, बहुधा चौकातल्या त्या रसवंतीपाशी, आणि फोन तिला पुढं येऊ देत नव्हता. आईच्या दहाव्यालाही येऊ नको असं बापानं लिहून ठेवलंय, हे तिला तिथं उभ्या उभ्या कळलं असेल. आणि इकडे तो बाप घाटावर पाहुण्यांना सांगत होता की पोरीला आईची आठवण नाही. लाज वाटली, नुसती लाज, आणि ती ठेवायला जागा नव्हती.

लुओबाईंनी पाण्याची बाटली त्यांच्या हातात दिली आणि तोंड नदीकडे फिरवून बसल्या.

नोंद मागं घेण्याचं बटण सगळ्यात शेवटी होतं. ते दाबल्यावर यंत्रानं कारण विचारलं आणि पर्याय दिले. समेट झाला. न्यायालयाचा आदेश. व्यक्ती हयात नाही. चुकून नोंद झाली. मगदूम चौथ्यावर बोट नेऊन थांबले. चुकून झालं असं कसं म्हणायचं? ते तेव्हा चांगले शुद्धीवर होते. खाली 'इतर' होतं, तोंडी सांगण्यासाठी. त्यांनी फोन तोंडाजवळ धरला.

"माझं डोकं फिरलं होतं," ते म्हणाले.

यंत्रानं क्षणभर विचार केला. कारण नोंदवण्यात आले. मग पुढची ओळ आली, समोरच्या व्यक्तीची संमती लागते का ते तपासत असल्याची. मगदूमांचा जीव टांगणीला लागला. ती कशाला देईल संमती? नऊ वर्षांचा हिशेब तिच्याकडेही असणार, आणि त्यात त्यांच्या बाजूनं लिहिण्यासारखं काही नव्हतं.

ओळ बदलली. समोरच्या व्यक्तीने आपल्याविरुद्ध कधीही कोणतीही नोंद केलेली नाही. संमतीची आवश्यकता नाही. निर्बंध संपला आहे, त्यांना कळवण्यात आले आहे.

लुओबाईंच्या हातातल्या पडद्यावरची निळी पट्टी गेली. त्या उठून गाडी बोलवायला गेल्या. मगदूम तिथंच बसून होते. त्यांनी विमानभर एक वाक्य घोकून आणलं होतं, का नाही आलीस, आणि आता त्याचं काय करायचं ते कळत नव्हतं. सॉरी म्हणायचं? पोरीला कधी म्हटलं नव्हतं. कुणालाच म्हटलं नव्हतं.

चार मिनिटांनी फोन वाजला. नंबर अनोळखी. त्यांनी उचलून कानाला लावला. पलीकडून वाहनांचा आवाज येत होता आणि एक लहान पोर चिनीत काहीतरी हट्टानं मागत होतं. मग ते पोर गप्प झालं.

"अण्णा," केतकी म्हणाली. आवाज तोच होता, फक्त जपून टाकलेला, ओल्या फरशीवर पाऊल टाकावं तसा. "आता मी आले तर चालेल का?"

इतक्या वर्षांनी ती परवानगी मागत होती, रागावून नाही, खरोखरच मागत होती. लुओबाई समोरून हात करत होत्या, गाडी आली होती, दार उघडं होतं.

"नको," ते म्हणाले, आणि पलीकडे श्वास अडकल्याचं त्यांना ऐकू आलं, म्हणून घाईघाईनं पुढचं बोलले. "तसं नव्हे गं. तीनदा आलीस तू. आता मला येऊ दे."